आधीच पाहिलेला कप

एक्सरे हे काही त्याचं खरं नाव नव्हतं. खेळण्यांच्या विभागातल्या मुलींनी ते त्याला चिडवायला ठेवलं होतं, कारण तो गिऱ्हाइकाच्या पिशवीकडे अशा नजरेने बघायचा की पिशवीलाही चोरी केल्यासारखं वाटावं. दुसरा कोणी असता तर चिडला असता, हा फुशारला. घरी जाऊन त्याने बायकोला सांगितलं की दुकानात आता मला एक्सरे म्हणतात. तिने "कशाचा?" म्हणून विचारलं, तेव्हा तिच्या बुद्धीची त्याला कीव आली.

दुकान चार मजली होतं. खाली साबण, अत्तरं, नखांचे रंग. वर कपडे, त्याच्यावर खेळणी आणि सगळ्यात वर भांडी नि काचसामान. दिवसा तो पुढच्या दाराशी उभा राहून पावती आणि पिशवी ताडून बघायचा. संध्याकाळी मागच्या दाराशी नोकरमंडळींच्या पिशव्या उघडायच्या, हेही त्याचंच काम. काम म्हणजे एवढंच. पण त्याच्या चेहऱ्याकडे पाहिलं असतं तर कुणालाही वाटलं असतं की हा माणूस जरा बाजूला झाला तर माणुसकीचा सगळा व्यवहार कोसळेल. त्याच्या हिशेबी जगात दोनच जातीची माणसं होती, सापडलेली आणि अजून न सापडलेली. कडेवर मूल असलेली बाई दिसली की त्याचे डोळे बारीक व्हायचे. म्हातारे त्याला विशेष संशयास्पद वाटत. म्हातारपणाचं सोंग चांगलं वठतं, असं तो म्हणायचा.

एवढा आत्मविश्वास नुसत्या मूर्खपणातून येत नाही, त्याला काहीतरी आधार लागतो. एक्सरेचा आधार त्याच्या पोटात होता. अधूनमधून, काही कारण नसताना, बेंबीपासून काहीतरी वर चढायला लागायचं. लिफ्ट एकदम सुटावी तसं ते छातीतून गळ्यापर्यंत यायचं. हातावरचे केस उभे राहायचे. आणि मग समोरचं सगळं ओळखीचं होऊन जायचं. समोरचा माणूस, त्याची पिशवी, काचेवर पडलेलं ऊन, मागे कुणीतरी खोकलेलं, हे सगळं अगदी असंच, ह्याच क्रमाने आपण आधी पाहिलंय अशी खात्री त्याच्या हाडात उतरायची. चार-पाच श्वास ते टिकायचं आणि ओसरायचं. ह्याला तो म्हणायचा, पोटाने खबर दिली. खबर आली की समोर जो कोणी असेल त्याला तो बाजूला घ्यायचा.

बहुतेक वेळा पिशवीत काहीच निघायचं नाही. मग एक्सरे मान हलवून म्हणायचा, आज वाचला लेकाचा. पण एवढ्या गर्दीत तुम्ही माणसं थांबवतच राहिलात तर कुणाच्या तरी खिशात पावती नसलेली साबणाची वडी निघणारच. कावळा बसायला आणि फांदी मोडायला एकच गाठ पडायची, आणि दुकानभर बोभाटा व्हायचा. मॅनेजरसाहेब त्याची पाठ थोपटायचे. हे मॅनेजरसाहेब म्हणजे मालकांच्या साडूचे चिरंजीव, एवढी एकच परीक्षा उत्तीर्ण झालेले. त्यांना मेहनत न करता मिळणारी कोणतीही गोष्ट आवडायची, आणि एक्सरेचं पोट तसंच होतं. फुकट चालणारं यंत्र.

घरी हाच कारभार. बातम्यांत काही सांगितलं की हा म्हणायचा, मला माहीत होतं. शेजारच्यांचं भांडण झालं, माहीत होतं. दूध उतू गेलं, तेही माहीत होतं. मग गॅस का बंद केला नाही, असं बायकोने विचारलं की तो तिच्याकडे न बघता पेपर उलटायचा. बायको एका शाळेच्या वाचनालयात कामाला होती. दिवसभर चारशे पोरांना हळू बोला म्हणून सांगून घरी आल्यावर तिच्यात वाद घालायचं त्राण नसायचं. पण तिचे डोळे शाबूत होते. नवरा जेवताना मधेच थांबतो, भिंतीपलीकडे बघितल्यासारखा बघतो, तोंडात घास नसताना चघळत राहतो आणि उजव्या हाताने सदऱ्याची कड गुंडाळत बसतो, हे तिने कितीदा पाहिलं होतं. हाक मारली तरी ओ नाही. जरा वेळाने भानावर यायचा आणि मघाशीच उत्तर दिलेला प्रश्न पुन्हा विचारायचा.

"तुम्ही मधेच कुठेतरी जाता," ती म्हणायची. "डॉक्टरला दाखवा एकदा."

मी विचार करत असतो, असं त्याचं उत्तर. तुझ्या माहेरी ती पद्धत नाही, म्हणून तुला ते ओळखू येत नाही.  पुढच्या वेळी तो असा मधेच गेला की त्याला न आवडणारी भाजी बायको त्याच्या ताटात आणखी एक डाव वाढून ठेवायची, आणि परत आलेला नवरा ती मुकाट्याने संपवायचा. सोशीक बायका गोष्टीत असतात.

आता त्या कपाचं सांगायला हवं.

काचसामानाच्या विभागात एक तरुण विक्रेती होती, तिला सगळे कपबशीवाली म्हणत. चटपटीत पोरगी. गिऱ्हाइकाला सहा हवे असले तर बारा घ्यायला लावायची आणि वर गिऱ्हाईकच तिचे आभार मानून जायचं. त्या विभागाच्या प्रमुख होत्या मोठ्या बाई. दुकानात एक जुनी रीत होती. कड उडालेली, टवका गेलेली वस्तू विकता येत नाही, ती विभागप्रमुखाने तोंडी सांगून कुणालाही द्यावी आणि त्याने ती मुकाट घरी न्यावी. लिहायचं काही नाही. मालकांना हे माहीत होतं, आणि माहीत नसल्यासारखं दाखवण्यातच त्यांचा मोठेपणा होता. अर्ध्या नोकरांच्या घरी ह्याच दुकानातले टवके उडालेले कप होते. एक्सरेच्याही होते.

त्या संध्याकाळी मागच्या दाराशी कपबशीवालीने पिशवी पुढे केली आणि त्याच क्षणी एक्सरेच्या पोटातली लिफ्ट सुटली. पिशवीत वर्तमानपत्रात गुंडाळलेला निळ्या फुलांचा एक कप होता, कानापाशी तडकलेला. एरवी त्याने बघून न बघितल्यासारखं केलं असतं. पण आता त्याला तो कप, तो कागद, पिशवीचा तुटका बंद आणि तिची अंगठा आत दुमडायची लकब, सगळं आधी पाहिलेलं वाटत होतं. हे पहिल्यांदा नाही, त्याला आतून कुणीतरी सांगितलं. ही रोजची नेणारी आहे.

मॅनेजरसाहेबांच्या केबिनमध्ये पोरगी म्हणाली की कप मोठ्या बाईंनी दिलाय. मोठ्या बाईंना बोलावलं. त्यांच्या बढतीचं तेव्हा चाललं होतं, आणि न लिहिलेल्या रितीवर मालकांच्या नात्यातल्या माणसासमोर बोट ठेवायची त्यांची छाती झाली नाही. त्यांनी कानावर हात ठेवले. आपल्याला काही आठवत नाही म्हणाल्या. तरी मॅनेजरसाहेब घोटाळले, कारण एका तडकलेल्या कपापायी चांगली विक्रेती घालवणं त्यांनाही जड जात होतं. त्यांनी एक्सरेला विचारलं, खात्री आहे का.

"मी हिला आधीही असाच कप नेताना पाहिलंय," एक्सरे म्हणाला. "ह्याच पिशवीतून. माझ्या डोळ्यांनी."

झालं. तडकलेला कप चुकीने गेला असेल; दोनदा गेला म्हणजे चोरीच. दुकानाची रीत अशी की सकाळी शटर उघडण्याआधी सगळी नोकरमंडळी आत शटरपाशी उभी राहायची आणि मॅनेजरसाहेब त्या दिवशीच्या सूचना वाचायचे. दुसऱ्या दिवशी तिथे तिला कामावरून काढल्याचं वाचून दाखवलं, नावासकट आणि कारणासकट. मोठ्या बाई मूग गिळून उभ्या होत्या. एक्सरे सगळ्यांच्या पुढे उभा होता, आणि त्याला वाटत होतं की आपली उंची वाढलीय.

पुढे काही महिन्यांनी दुकानात स्वस्त विक्रीचा आठवडा लागला. खालच्या मजल्यावर पाय ठेवायला जागा नव्हती. एक्सरे दाराशी होता. पोटात नेहमीसारखी हालचाल झाली, ती वर चढायला लागली, आणि यानंतर त्याला जे आठवतं ते असं, की तो दुकानाबाहेर गाड्या लावायच्या जागेत उभा आहे, घशाला कोरड पडलीय, आणि मॅनेजरसाहेब त्याच्या खिशातून वस्तू काढतायत. नखांच्या रंगाच्या तीन बाटल्या आणि तान्ह्या मुलाचा एक पायमोजा. एकच, जोडीतला दुसरा तसाच आत टांगलेला.

केबिनमधल्या पडद्यावर त्यांनी त्याला दुकानातल्या कॅमेऱ्याचं चित्रण दाखवलं. दाराशी उभा असलेला तो एकाएकी थिजला. तोंड चघळल्यासारखं हलायला लागलं. मग तो सावकाश वळला, नखांच्या रंगांच्या टेबलापाशी गेला, आणि उजवा हात हाताला लागेल ते उचलून खिशात टाकू लागला. एका मुलीने त्याला काहीतरी विचारलं, तो तिच्याकडे बघून न बघता पुढे गेला. पायमोजा त्याने वाटेत, स्वस्त विक्रीसाठी खाली आणून टांगलेल्या कपड्यांतल्या एका आकड्यावरून ओढला. ओढताना त्याच्या चेहऱ्यावर काहीही नव्हतं, हाव नाही, भीती नाही. दाराबाहेर गेला.

"मला ह्यातलं काही आठवत नाही," एक्सरे म्हणाला, आणि म्हणताक्षणी त्याचे कान तापले. हे वाक्य त्याने दाराशी इतक्या लोकांच्या तोंडून ऐकलं होतं, आणि दर वेळी तो हसला होता. आता मॅनेजरसाहेब हसले. चौकशी होईपर्यंत घरी बसा, असं त्यांनी सांगितलं. खेळण्यांच्या विभागातल्या मुली जिन्यात उभ्या राहून त्याला जाताना बघत होत्या, आणि त्यांच्या तोंडावर दया होती असं म्हणणं खोटेपणाचं होईल.

घरी त्याने बायकोला सांगितलं की हा कट आहे. चित्रणात कायतरी गडबड केलीय. बायकोने ते ऐकून घेतलं, दुसऱ्या दिवशी दुकानात गेली, आणि मॅनेजरसाहेबांना त्यांच्याच केबिनमध्ये हळू बोलायला लावून ते चित्रण आपल्या फोनवर उतरवून घेतलं. बसमध्ये तिने ते पाहिलं. ते चघळणारं तोंड, ती काहीतरी गुंडाळणारी बोटं. हे तर आपल्या घरचं जेवण आहे, ती मनात म्हणाली.

मेंदूच्या डॉक्टर म्हणून ज्या बाई होत्या त्यांनी ते चित्रण तीनदा पाहिलं, आणि तिसऱ्यांदा फक्त त्याच्या डाव्या हाताकडे बघितलं. उजवा हात चोऱ्या करत होता तेव्हा डावा मनगटातून वाकडा होऊन ताठ झाला होता, बोटं विचित्र पसरली होती. हे सगळ्यांच्या डोळ्यांसमोर होतं आणि कुणाला दिसलं नव्हतं. चोर म्हटल्यावर लोक चोरणारा हात बघतात.

मग डॉक्टरबाईंनी प्रश्न विचारले. लहानपणी तापात कधी आकडी आली होती का? एक्सरेने छे म्हटलं. बायकोने तिथूनच त्याच्या थोरल्या बहिणीला फोन लावला. ती म्हणाली, आली होती की, पाळण्यात असताना, निळा पडला होता, किती वेळ थांबतच नव्हती. एक्सरेला हे कुणी सांगितलं नव्हतं. सर्वज्ञ माणसाला घरचे कशाला काय सांगतील?

"फिट यायच्या आधी पोटातून काही वर चढल्यासारखं होतं का?" डॉक्टरबाईंनी विचारलं. "आणि समोरचं सगळं आधी घडून गेलंय असं वाटतं?"

एक्सरे खुर्चीत ताठ झाला. इतक्या वर्षांत कुणीतरी प्रथमच त्याच्या कसबाबद्दल नेमकं विचारलं होतं. त्याने सविस्तर सांगितलं: खबर कशी येते, किती जण पकडले, मॅनेजरसाहेब काय म्हणाले. बायको खिडकीबाहेर बघत होती.

डॉक्टरबाईंनी ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "ते कसब नाही. ती फिटच आहे. छोटी."

फिट म्हणजे जमिनीवर पडणं, हातपाय झाडणं, तोंडाला फेस, एवढंच एक्सरेला ठाऊक होतं. तो कधी पडला नव्हता. डॉक्टरबाईंनी समजावलं की मेंदूतला सगळा कारभार बारीक विजेवर चालतो. कधी एखाद्याच कोपऱ्यात ती वीज बेफाम होते. तेवढ्या कोपऱ्याचं जे काम असेल तेवढंच मग बिघडतं. कुणाचा नुसता अंगठा उडतो, कुणाला नसलेला वास येतो, कुणाला अकारण भीती वाटते. माणूस पूर्ण शुद्धीवर असतो, म्हणून त्याला ती फिट वाटतच नाही. तुमचा कोपरा आठवणींजवळचा आहे. ती वीज तिथेच विझली तर तुम्हाला खबर मिळते. आजूबाजूला पसरली तर तुमची शुद्ध जाते, तोंड चघळतं, हात चाळे करतात, आणि तुम्हाला त्याचा पत्ता नसतो. नंतर डोक्याला तारा लावून आलेख काढला, मोठ्या नळीत झोपवून फोटो घेतले. उजव्या कानाच्या वर, आतल्या बाजूला, जुना वण निघाला. तापाच्या वेळचा.

दुसरा कोणी असता तर सुटलो म्हणाला असता. एक्सरेने सौदा सुरू केला. त्याचं म्हणणं असं, की खिशात वस्तू गेल्या तो आजार, हे कबूल. तसं प्रमाणपत्र द्या. पण पोटातली खबर वेगळी, ती निसर्गाची देणगी आहे, तिला मधे आणू नका. असा शहाणा डॉक्टरबाईंनी आधी पाहिला नसावा. त्या म्हणाल्या, दोन्ही एकच आहे, सुरुवात आणि शेवट.

"पण मला खरंच आठवतं," तो म्हणाला. "आधी पाहिलेलं असतं."

"आठवल्याची भावना खरी असते," डॉक्टरबाई म्हणाल्या. "तिच्यामागे आठवण मात्र नसते."

गोळ्या सुरू झाल्या. ह्या गोळ्या मनाला येतील तेव्हा घेऊन चालत नाहीत, वेळ चुकवायची नाही, झोप मोडायची नाही, हे बायकोने त्याच्या डोक्यात बसवलं. प्रमाणपत्र पाहून मॅनेजरसाहेबांचा जीव भांड्यात पडला, कारण दारावर दुसरा माणूस ठेवायचा म्हणजे शोधावा लागला असता. त्यांनी शटरपाशी सगळ्यांसमोर ते वाचून दाखवलं. एक्सरे निर्दोष, आजारी, आणि परत कामावर.

त्या दिवसापासून दुकानातला प्रत्येक जण मेंदूचा तज्ज्ञ झाला. ज्यांना आपल्या विभागातल्या मालाची किंमत पाठ नव्हती ते त्याला काय खावं ते सांगू लागले. तो जांभई द्यायला लागला तरी कुणीतरी धावून यायचं. जरा गप्प बसला की, आली का, आली का, म्हणून कुजबुज. मोठ्या बाईंच्या मायेला तर पूर आला. त्यांनी त्याच्यासाठी दाराशी खुर्ची आणवली आणि दर थोड्या वेळाने वरच्या मजल्यावरून खाली येऊन त्याची विचारपूस करू लागल्या. एक्सरेला ह्या सगळ्यांचा तिटकारा आला. माणसांचा तिटकारा त्याला आधीही होता. पण आता प्रथमच तो रास्त होता.

आणि पोट गप्प झालं. दाराशी माणसं येत होती, जात होती, सगळी अनोळखी. कोणता म्हातारा चोर आणि कोणता नुसता म्हातारा, त्याला काही म्हणता काही कळेना. पिशवी उघडून बघायची आणि पावतीशी ताडायची, एवढंच हातात राहिलं. खरं तर आधीही तेवढंच होतं.

एके दुपारी काचसामानाच्या विभागात तो काही कामाला गेला असताना त्याला निळ्या फुलांचे कप मांडलेले दिसले. त्याच्या मनात सहज आलं, की त्या पोरीला आपण पहिल्यांदा कप नेताना पाहिलं ते कधी. दुसरी वेळ त्याला लख्ख आठवत होती, मागचं दार, तुटका बंद, तो अंगठा. पहिली वेळ शोधायला तो मागे मागे गेला. कुठल्या दिवशी? पाऊस होता का ऊन? तिने काय घातलं होतं? काहीही नव्हतं. पहिली वेळच नव्हती. होती ती दुसरीच, पहिलीशिवाय. तो कपांसमोर इतका वेळ उभा राहिला की एका विक्रेत्याने त्याला धरून खुर्चीत बसवलं.

त्याला झोप लागेना. झोप मोडली तर फिट येते, हे आठवून बायको उठून बसली. त्याने तिला सांगितलं. मी खोटं बोललो, तो म्हणाला, पण मला ते खोटं आहे हे माहीत नव्हतं.

"आता माहीत झालंय ना," बायको म्हणाली, आणि दिवा मालवला.

कपबशीवाली एका लाँड्रीत कामाला लागली होती. एक्सरे गेला तेव्हा ती प्लास्टिकमध्ये घातलेले कोट आकड्यांना अडकवत होती. इस्त्रीच्या वाफेने खोली कोंदली होती. दुकानात तो तिला अरेतुरे करायचा. इथे त्याच्या तोंडून तुम्ही निघालं. त्याने सगळं सांगितलं, वण, वीज, खबर, नसलेली पहिली वेळ. तिने मधे दोन गिऱ्हाइकांचे कपडे घेतले, त्यांना चिठ्ठ्या दिल्या आणि त्याला बसा म्हटलं नाही. तिला हसू आलं नाही आणि रडूही आलं नाही. एखाद्या डागाळलेल्या सदऱ्याकडे बघावं तसं ती त्याच्याकडे बघत होती.

"तुमच्या खिशात चार वस्तू निघाल्या, तर तुमच्यासाठी डॉक्टर शोधला," ती म्हणाली. "माझ्या पिशवीत एक तडकलेला कप निघाला, तर माझ्यासाठी तुम्ही होतात."

एक्सरे माफी मागायला लागला. तिने हात वर करून थांबवलं. इथे माफी घेऊन मी काय करू, असं तिचं म्हणणं होतं. ह्या मालकाने तिला ठेवलं खरं, पण गल्ल्यावर बसवत नाही. दुसरीकडे कुठे गेलं की नवा मालक जुन्या दुकानात फोन करतो आणि तिकडून एकच उत्तर मिळतं. "शटरपाशी मला चोर म्हणालात," ती म्हणाली. "तिथेच बोला. सगळे असताना."

तो आधी मॅनेजरसाहेबांकडे गेला. त्यांनी त्याला खुर्ची दिली, पाणी दिलं, आणि जुनं उकरू नका म्हणून सांगितलं. कप तर निघाला होता ना, मग झालं. शिवाय असं बघा, ते म्हणाले, एक्सरेने पकडलेले लोक खरे चोर नव्हते असं एकदा म्हटलं तर मग कोण कोण दारात येऊन उभं राहील. आणि तुम्हाला तरी दारावर कशाला ठेवायचं, हाही प्रश्न आलाच. हे शेवटचं त्यांनी फार गोड आवाजात सांगितलं. एक्सरेला कळलं. नोकरी हवी असेल तर तोंड बंद ठेवायचं, इतकं साधं होतं.

दोन दिवस त्याने तोंड बंद ठेवलं. त्याची शूरांत गणना करायचं कारण नाही. दोन्ही दिवस तो दाराशी बसून स्वतःला पटवत होता की पोरीचं बरं चाललंय, लाँड्रीतली नोकरी काही वाईट नाही, निदान सावलीतली आहे. स्वतःला पटवायची कला त्याला चांगली अवगत होती. ह्या वेळी मात्र ती चालेना.

तिसऱ्या सकाळी शटर बंद होतं, सगळे ओळीत उभे होते, आणि मॅनेजरसाहेब नव्या पिशव्यांच्या रंगाबद्दल काहीतरी वाचत होते. एक्सरे ओळीतून पुढे आला.

"मला एक सांगायचंय," तो म्हणाला.  "कपबशीवालीला मी आधी कप नेताना पाहिलं नव्हतं. मी पाहिलं म्हणालो, ते माझ्या आजारातलं होतं. कप मोठ्या बाईंनी दिला, असं ती म्हणाली होती. ते कुणी तपासलंच नाही, कारण मी पाहिलं म्हणालो."

 मॅनेजरसाहेबांच्या हातातला कागद तसाच राहिला. मग मोठ्या बाईंचा आवाज आला, अगदी मायेचा.

"आली वाटतं त्यांना," त्या म्हणाल्या.

एवढं पुरलं. सगळ्यांना एकदम हायसं वाटलं. चार जणांनी त्याला दंडाला धरून खुर्चीत बसवलं. कुणी गळ्याचं बटण सोडलं, कुणी किमतीच्या पाटीने वारा घालायला लागलं. त्याचे पाय वर करा, एक म्हणाला. नाही, खाली ठेवा, दुसरा म्हणाला. तो म्हणत होता की मी शुद्धीवर आहे, आणि ते म्हणत होते, हो हो, शांत राहा. बिचारा काहीही बडबडतोय, खेळण्यांच्या विभागातली एक मुलगी कळवळून म्हणाली. जीभ चावेल ना, असं कुणाला तरी सुचलं. भांड्यांच्या विभागातून एक चमचा आला, किमतीची चिठ्ठी अजून दांड्यावर चिकटलेली, आणि तो त्याच्या दातांत सरकवला. मोठ्या बाई त्याच्याशेजारी गुडघ्यांवर बसल्या होत्या. त्यांनी त्याचं मनगट घट्ट धरलं होतं, नाडी बघायला धरतात त्यापेक्षा बरंच घट्ट, आणि त्या त्याच्या तोंडाकडे बघत नव्हत्या.

"थांबा जरा," मॅनेजरसाहेब घड्याळ बघत म्हणाले. "येतील दोन मिनिटांत भानावर."

सगळे थांबले. आता काय करायचं ते एक्सरेला स्वच्छ दिसत होतं. पापण्या मिचकवायच्या, इकडेतिकडे बघायचं, आणि मला काय झालं होतं असं विचारायचं. पाणी मिळालं असतं, दुपारची सुट्टी मिळाली असती, दार मिळालं असतं. त्याच्या आयुष्यात माणसांनी त्याची इतकी काळजी कधी घेतली नव्हती. तो ह्या तोंडांवरून त्या तोंडांवर नजर फिरवत राहिला. आपण आजवर ह्या लोकांना मूर्ख समजत आलो ते काही फार चुकलं नाही, असं त्याला वाटलं. फक्त आपण त्यांच्यातच उभे होतो, हे लक्षात घ्यायचं राहून गेलं. बाहेर शटरवर पहिल्या गिऱ्हाइकाने थाप मारली.

एक्सरेने मोकळ्या हाताने दातांतला चमचा काढला, मोठ्या बाईंच्या मांडीवर ठेवला, आणि पुन्हा पहिल्यापासून सांगायला सुरुवात केली.